मुभा मिळाली म्हणजे काय मिळालं?

आमच्या सोमेश्वरनगरात ऊस आणि कोर्टाची तारीख, दोन्ही विषय पारावर कायम. "पुन्हा दाखल करायची मुभा ठेवून याचिका मागे घेतली" असं वकिलानं सांगितलं की पेढे वाटायचेच काय ते बाकी राहतात! अहो, जिंकलं काय?

मुळात हा हक्क नव्हे. दिवाणी दाव्यात आदेश 23, नियम 1 प्रमाणे कोर्टाची परवानगी लागते. तीही तांत्रिक दोष किंवा पुरेसं कारण असेल तरच. परवानगीविना दावा सोडलात तर त्याच विषयावर पुन्हा दार बंद. 1986 साली सरगुजा ट्रान्सपोर्टच्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं हेच तत्त्व रिट याचिकांनाही लावलं.

खरी मेख नियम 2 मध्ये आहे. नव्या दाव्याची मुदत मोजताना पहिला दावा जणू झालाच नव्हता! तीन वर्षांच्या मुदतीतली दोन तारखांत गेली, तर उरलं एकच. हे पारावर कोणी बोलत नाही.

कागद चुकला असेल तर जरूर मागे घ्या. पण न्यायमूर्तींचा रोख पाहून पळ काढायचा आणि त्याला डावपेच म्हणायचं?

एफआरपीचे तुकडे पाडणाऱ्या फेब्रुवारी 2022 च्या शासन निर्णयाविरुद्ध राजू शेट्टींनी याचिका शेवटपर्यंत रेटली. मार्च 2025 मध्ये उच्च न्यायालयानं तो रद्द केला. तीन वर्षं लागली, मान्य. पण हातात निकाल आला.

वकिलाकडे आदेशाची प्रत मागा. त्यात मुभेचा शब्द आहे का, आणि मुदत कधी संपते, एवढं तरी विचारा.