जुनं फुटेज एआयनं ‘४के’ केलं, मग मूळ रीळ कशाला जपायचं?

गांधीजींची दांडी यात्रा, जुन्या मुंबईतली ट्राम... सगळं रंगीत, एकदम स्मूथ आणि वर लेबल ‘४के, ६० एफपीएस’. असे व्हिडिओ तुम्ही पाहिलेच असतील. मीही दोन-तीन फॉरवर्ड केलेत. पण इतिहास जपायचा असेल तर स्कॅन आणि अपस्केल यातला फरक कळायला हवा.

३५ मिमी फिल्मवरची प्रत्येक फ्रेम म्हणजे एक छोटा फोटो. स्कॅनर तो एकेक करून टिपतो. चांगल्या निगेटिव्हमध्ये ४के इतका तपशील खरोखरच असतो. एआय मात्र नेटवरची धूसर क्लिप घेतं आणि नसलेले पिक्सेल अंदाजानं भरतं. साडीचा रंग, दुकानाची पाटी, गर्दीतला चेहरा, सगळा तर्क. मोर्चातल्या फलकावर नेमकं काय लिहिलं होतं, हे उद्या तपासायचं झालं तर मूळ रीळच लागणार.

आणि तेच झपाट्यानं संपतंय. सुरुवातीच्या काळातली नायट्रेट फिल्म इतकी ज्वालाग्राही की पेटली तर पाण्याखालीही जळते. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची अशी बरीच रिळं गेली. नंतरची अ‍ॅसिटेट फिल्म उष्ण, दमट हवेत कुजते. डबा उघडला की व्हिनेगरसारखा वास येतो. आपला पहिला बोलपट ‘आलम आरा’ (१९३१) याची आज एकही प्रत सापडत नाही. अपस्केल करायलाही काहीतरी हवं ना?

मे २०२२ मध्ये सरकारनं सुमारे २,२०० चित्रपटांच्या पुनर्संचयनासाठी ३६३ कोटी रुपये जाहीर केले. चांगलंच आहे. पण आकडे बघा: ४के स्कॅनची एक फ्रेम साधारण ५० एमबी. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे सव्वा जीबी. दोन तासांचा चित्रपट जवळपास ९ टीबी!

हा डेटा बहुतेक वेळा एलटीओ टेपवर ठेवतात. गंमत अशी, की नवा ड्राइव्ह फार जुनी टेप वाचत नाही. त्यामुळे दर काही वर्षांनी सगळं नव्या टेपवर कॉपी करावं लागतं. एकदा निधी थांबला की डेटा अडकला. उलट थंड, कोरड्या खोलीत ठेवलेली फिल्म शंभर वर्षंही टिकते आणि ती बघायला प्रकाश आणि भिंग पुरतं. म्हणून माझं स्पष्ट मत: स्कॅनिंगइतकाच पैसा रिळांच्या एसी गोदामांवरही जायला हवा.

आपणही थोडं करू शकतो. घरात जुनी ८ मिमी फिल्म किंवा व्हीएचएस कॅसेट असेल तर भंगारात देऊ नका. एआयचा व्हिडिओ शेअर करताना तसं लिहा. आणि आजीचा व्हिडिओ काढलात तर ओरिजिनल फाइल दोन ठिकाणी ठेवा. व्हॉट्सअ‍ॅपवर आलेली कॉपी आधीच दाबून छोटी झालेली असते.