इस्रायल आळीतील प्रार्थनामंदिर

अलिबागच्या बाजारपेठेपासून जवळच एक आळी आहे. तिचे नाव इस्रायल आळी. समुद्र, किल्ला आणि वेधशाळा पाहून परतणाऱ्या प्रवाशांपैकी फार थोड्यांची पावले तिकडे वळतात. या आळीत 'मागेन आबोथ' हे बेने इस्रायल समाजाचे सिनेगॉग, म्हणजे ज्यूधर्मीयांचे प्रार्थनामंदिर उभे आहे. या हिब्रू नावाचा अर्थ 'पूर्वजांची ढाल'. १८४८ साली ते प्रथम बांधले गेले आणि १९१० मध्ये त्याची पुनर्बांधणी झाली.

१८४८ हे साल ऐकून जाणकार किंचित थबकेल. कारण या समाजाची स्मृती त्याहून कितीतरी शतके मागे जाते. अलिबागच्या उत्तरेस किनाऱ्यालगत नवगाव आहे. तेथे एक गलबत फुटले, त्यातून सात पुरुष आणि सात स्त्रिया तेवढ्या वाचल्या आणि त्यांच्यापासून हा वंश वाढला, अशी परंपरागत कथा आहे. बुडालेल्यांना जेथे मूठमाती दिली, ती जागा आजही नवगावला दाखवितात. गलबताबरोबर धर्मग्रंथही गेले. काळाच्या ओघात हिब्रू भाषा विस्मरणात गेली. उरली ती 'शेमा' ही एक लहानशी प्रार्थना. ईश्वर एक आहे, एवढेच तिचे सार. जन्म, विवाह, नवस, मृत्यू अशा प्रत्येक प्रसंगी तीच म्हटली जाई.

ग्रंथ नाही, मंदिर नाही, धर्मगुरू नाही. मग धर्म टिकला कशावर? तो टिकला घरातील आचारावर. हे लोक कोकणातील खेडोपाडी तेलाचे घाणे चालवीत, पण शनिवारी घाणा बंद ठेवीत. त्यावरून लोक त्यांना 'शनवार तेली' म्हणू लागले. ज्या दिवशी बाजार चालू आहे त्या दिवशी आपला घाणा बंद ठेवणे ही व्यापाऱ्याच्या दृष्टीने लहान गोष्ट नव्हे. पुत्रजन्मानंतर आठव्या दिवशी सुंता होई आणि काही प्रकारची मासळी वर्ज्य मानली जाई. सणांना नावे मराठीच पडली. 'नव्याचा सण', 'खिरीचा सण', आणि या सर्वांत गंभीर असा 'दरफाळणीचा सण'. त्या दिवशी शुभ्र वस्त्रे नेसून, कडक उपवास करून, घराची दारे लावून माणसे दिवसभर आत बसत. हा दिवस प्रायश्चित्ताचा म्हणून जगभरचे ज्यू पाळतात, हे त्यांना पुष्कळ काळाने कळले.

दावीद राहाबी नावाच्या प्रवाशाने या आचारांवरून त्यांना ओळखले आणि झिराडकर, राजपूरकर व शापूरकर या घराण्यांतील पुरुषांना धर्मविधी शिकवून 'काझी' नेमले, असे समाजात मानतात. त्याच्या काळाविषयी अभ्यासकांत एकमत नाही. पुढची पायरी मात्र निश्चित आहे. कंपनी सरकारच्या पलटणीत अधिकारपदाला पोहोचलेले सामाजी हसाजी ऊर्फ सॅम्युएल इझिकेल दिवेकर यांनी १७९६ मध्ये मुंबईत या समाजाचे पहिले सिनेगॉग बांधले. टिपू सुलतानाच्या कैदेतून सुटल्याचा नवस त्यामागे होता, असे सांगतात. मुंबईकर त्याला 'जुनी मशीद' म्हणत. मग कोचीनकडून हिब्रू जाणणारे शिक्षक आले, आणि मिशनरी जॉन विल्सन यांनी १८३२ साली बेने इस्रायलांसाठी मराठीतून हिब्रूचे व्याकरण लिहिले. मिशनऱ्यांना हवे होते धर्मांतर. घडले ते उलटच. अक्षर हाती आल्यावर समाजाला स्वतःचाच धर्म वाचता येऊ लागला. १८४० मध्ये आंग्र्यांचे कुलाबा संस्थान खालसा झाले आणि त्यानंतर आठ वर्षांनी अलिबागचे मंदिर उभे राहिले.

आत मूर्ती नाही, चित्रही नाही. पश्चिमेच्या, म्हणजे जेरुसलेमच्या दिशेच्या भिंतीत पवित्र पेटी, तिच्यापुढे पडदा आणि पेटीत चर्मपत्रावर हाताने लिहिलेल्या तोराच्या गुंडाळ्या, अशी या मंदिरांची रचना असते. मधोमध वाचनाचा उंच चौथरा असतो. अलिबागजवळच्या खंडाळा गावी एक खडक आहे. संदेष्टा एलियाहू आपल्या रथासह येथून स्वर्गी गेला, अशी श्रद्धा असून रथाच्या घोड्याच्या टापेची खूण तेथे दाखवितात. नवस फेडताना भिजविलेले पोहे, नारळ, साखर, सुकामेवा आणि फळे यांचा 'मलिदा' करून त्याच्या नावे वाटतात. जगातील अन्य ज्यूंमध्ये हा विधी आढळत नाही; तो कोकणाचाच आहे.

१९४८ मध्ये इस्रायल राष्ट्र स्थापन झाले आणि किहीमकर, नवगावकर, पेणकर, रोहेकर, अष्टमकर अशी आडनावे लावणारी कुटुंबे तिकडे जाऊ लागली. येथे त्यांना कोणी छळले नव्हते, ही गोष्ट ते स्वतः आवर्जून सांगतात. उलट तेथे गेल्यावर काही धर्मगुरूंनी त्यांच्या ज्यूपणावरच शंका घेतली आणि विवाहांना अडथळे आणले. घाणा बंद ठेवून ज्यांनी शतकानुशतके शनिवार पाळला, त्यांनाच पुरावा मागितला गेला! आंदोलने झाली आणि १९६४ मध्ये त्यांना पूर्ण मान्यता मिळाली. आज ही माणसे अश्दोद, दिमोना, बेर्शेबा येथे वसली आहेत, तेथून 'मायबोली' हे मराठी नियतकालिक काढीत आली आहेत. भारतात साऱ्या ज्यूंची मिळून संख्या आता काही हजारांवर आली आहे. महाराष्ट्र शासनाने २०१६ साली त्यांना अल्पसंख्याक दर्जा दिला, तेव्हा कोकणातील अनेक आळ्या केव्हाच रिकाम्या झाल्या होत्या.

अलिबागच्या मंदिराचा खरा प्रश्न भिंतींचा नाही. सामुदायिक उपासनेसाठी तेरा वर्षांवरील किमान दहा पुरुष लागतात, असा नियम आहे. नऊ असले तर प्रार्थना होते, परंतु तोराची गुंडाळी पेटीबाहेर काढून वाचता येत नाही. गावात मोजकीच घरे उरली की एखाद्याचे आजारपण किंवा परगावचे लग्नही ही संख्या मोडावयास पुरेसे ठरते. नवगाव आणि खंडाळ्याच्या दर्शनाला इस्रायलहून येणारे वंशज याही मंदिरात येतात. अशा वेळी दहांची संख्या सहज भरते, पेटीचा पडदा सरकतो, आणि वाचन संपल्यावर पाहुणे बाहेरच्या आळीत आजोबांचे घर कोणते, याची मराठीतून चौकशी करू लागतात.