खरेदीच्या यादीत कामगार नव्हते

दोन मोटार कंपन्यांनी हातमिळवणी केली की पेपरात एक शब्द हमखास येतो, 'खर्चात बचत'. आकडा मोठा असतो, शेअर बाजार खूश होतो. पण ही बचत कुणाच्या खिशातून येते? हा प्रश्न आपण विचारलाच पाहिजे, कारण वस्तीतली आयटीआय झालेली पोरं आज चाकण-तळेगावच्या गेटवर उभी आहेत.

यातलं सर्वात गाजलेलं उदाहरण घेऊ. मार्च 1999 मध्ये कर्जात बुडालेल्या जपानच्या निसानमध्ये फ्रान्सच्या रेनॉने 36.8 टक्के हिस्सा घ्यायचं ठरवलं. ऑक्टोबरमध्ये कार्लोस घोन यांनी निसानची पुनरुज्जीवन योजना जाहीर केली. पाच कारखाने बंद, 21 हजार नोकऱ्या कमी, खरेदीचा खर्च तीन वर्षांत 20 टक्क्यांनी खाली आणि पुरवठादार जवळपास निम्मे. पुढच्याच आर्थिक वर्षात कंपनी नफ्यात आली आणि घोन यांचा जगभर उदो उदो झाला.

कंपनी बुडाली असती तर सगळ्यांच्याच नोकऱ्या गेल्या असत्या, असं यावर सांगितलं जातं. त्यात तथ्य आहे. पण त्याच निसानने मे 2025 मध्ये पुन्हा 20 हजार नोकऱ्या कमी करण्याचं आणि कारखाने 17 वरून 10 वर आणण्याचं जाहीर केलं. कंपनी अडचणीत आली की त्याग कामगाराने करायचा, आणि त्या त्यागाच्या बदल्यात उद्याची हमी मात्र कुणी देत नाही.

आता ही बचत होते कशी, ते समजून घेऊ. दोन कंपन्या एकच सांगाडा आणि एकच इंजिन वापरतात, सुटे भाग एकत्र खरेदी करतात. ऑर्डर मोठी होते आणि पुरवठादाराला भाव पाडून मागितला जातो. त्याला नाही म्हणता येत नाही. पोलादाचा भाव त्याच्या हातात नसतो, विजेचा दर नसतो. हातात उरते ती मजुरी. मग कायम कामगाराच्या जागी कंत्राटी येतो, कंत्राटीच्या जागी ट्रेनी येतो. मोठ्या कंपनीच्या ताळेबंदात जी बचत म्हणून लिहिली जाते, ती खाली कुणाच्या तरी घरभाड्यातून आणि मुलांच्या फीमधून कापलेली असते.

कायदाही नेमका इथेच पातळ होतो. पूर्वी 100 किंवा अधिक कामगार असलेला कारखाना बंद करायला सरकारची आगाऊ परवानगी लागायची. 2020 च्या औद्योगिक संबंध संहितेने ही मर्यादा 300 वर नेली. म्हणजे ज्या छोट्या कारखान्यांवर भावाचा सर्वाधिक दाब पडतो, त्यातलेच अनेक या संरक्षणाच्या बाहेर गेले. 7 नोव्हेंबर 1938 रोजी बाबासाहेब औद्योगिक कलह विधेयकाविरुद्धच्या संपात उतरले होते. कामगाराचा हक्क कायद्याच्या एका कलमात कसा हिरावला जातो, हे त्यांनी तेव्हाच ओळखलं होतं. आपण संहिता वाचायचाही कंटाळा करतो.

तळेगावचंच बघा. जनरल मोटर्सने 2017 अखेर भारतात गाड्या विकणं थांबवलं आणि 2020 च्या अखेरीस तळेगावचं उत्पादनही बंद केलं. कारखाना चीनच्या ग्रेट वॉल मोटर्सला विकायचं ठरलं होतं, तो व्यवहार 2022 मध्ये बारगळला. ऑगस्ट 2023 मध्ये ह्युंदाईशी खरेदीचा करार झाला. त्यात काय होतं? जमीन, इमारती, काही यंत्रसामग्री. यंत्रांना नवा मालक मिळाला, पण ती चालवणाऱ्यांना न्यायालयाचे दरवाजे ठोठवावे लागले.

यंत्राची यादी होऊ शकते, तर माणसांची का नाही? एमआयडीसीची जमीन सरकार मिळवून देतं, सवलती आपल्या करातून जातात. तेव्हा सरकारकडे आपली मागणी स्पष्ट हवी. सवलत घेतलेला कारखाना विकला जाताना जुन्या कामगारांना कामावर घेण्याची अट करारातच असली पाहिजे. नोकरकपातीच्या आकड्यात कंत्राटी आणि ट्रेनीही मोजले गेले पाहिजेत. खासगी क्षेत्रात आरक्षण मागताना ही मागणीही सोबत हवी, नाहीतर दारातून आत गेलेला आपला माणूस पुढच्या भागीदारीत मागच्या दाराने बाहेर पडेल.

आणि कार्यकर्त्यांनो, एक काम आजच करा. वस्तीतल्या प्रत्येक कंत्राटी पोराला पगाराची पावती, पीएफचा नंबर आणि गेटपास जपून ठेवायला सांगा. कामावर असल्याचा कागद नसेल, तर कामावरून काढल्याचं सिद्ध तरी कसं करणार?