खाण्यासाठी वाटाड्या कशाला?

अलीकडे मोठ्या शहरांत खाद्यफेरी नावाचा एक प्रकार सुरू झाला आहे. आठ-दहा माणसे एका ठरलेल्या ठिकाणी जमतात. त्यांच्याबरोबर एक वाटाड्या असतो. तो त्यांना दोन-तीन तास एखाद्या जुन्या वस्तीतून पायी फिरवतो, पाच-सहा ठिकाणी थोडे थोडे खाऊ घालतो आणि त्या पदार्थाची, दुकानाची, गल्लीची माहिती सांगतो. या कामाचे तो पैसे घेतो. रमजानच्या महिन्यात मुंबईत मोहम्मद अली रोड आणि भेंडी बाजार या भागांत अशा फेऱ्या निघतात. त्यांत परदेशी पाहुणे असतात, तसेच मुंबईतच जन्मलेले, पण त्या गल्ल्यांत कधी पाऊल न टाकलेले लोकही असतात.

हे ऐकून कोणीही विचारील, की खाण्यासाठी वाटाड्या कशाला? भूक लागली की नाक आपोआप वाट दाखवते! प्रश्न चुकीचा नाही. पोट भरण्यासाठी वाटाड्या लागत नाही. पण आपण काय खात आहोत, ते इथे कसे आले, हे नाकाला कळत नाही. ते सांगायला माणूस लागतो. म्हणून मला हा प्रकार आवडतो. ठाणे, कल्याण आणि डोंबिवली या आपल्या शहरांतही अशा फेऱ्या निघाव्यात असे मला वाटते. मात्र त्या कोणी काढाव्यात आणि कशा काढाव्यात, याबद्दल माझी काही मते आहेत.

ठाण्यापासून सुरुवात करू. ठाणे स्थानकात उतरून लोक मामलेदार मिसळ खायला जातात. मामलेदार कचेरीजवळ १९४६ साली ही मिसळ सुरू झाली, म्हणून तिला ते नाव पडले. मिसळ किती तिखट आहे हे पहिल्या घासाला कळते. नावाची गंमत मात्र तुम्हांला चटकन कळेल, कारण तुम्ही उर्दू शिकता. 'मुआमला' हा शब्द तुमच्या रोजच्या बोलण्यात आहे. मुआमला पाहणारा तो मामलेदार. म्हणजे तालुक्याचा कारभार पाहणारा सरकारी अधिकारी. अरबी शब्द फारसीतून मराठीत आला, कचेरीत जाऊन बसला आणि तिथून थेट मिसळीच्या ताटलीत उतरला.

आता त्या ताटलीकडे नीट पाहा. उसळ, वरून लाल तर्री, फरसाण, कांदा आणि शेजारी पाव. 'पाव' हा शब्द पोर्तुगीज आहे. मिरचीही पोर्तुगिजांबरोबरच अमेरिकेतून आपल्याकडे आली. त्याआधी आपल्याकडच्या जेवणाला तिखटपणा यायचा तो मुख्यतः मिऱ्यांचा. पोर्तुगिजांचा अंमल ठाण्यावर सुमारे दोनशे वर्षे होता. १७३७ साली मराठ्यांनी ठाणे जिंकले. पोर्तुगिजांनी बांधायला घेतलेल्या किल्ल्यात आज कारागृह आहे. किल्ला आतून पाहता येत नाही, पण पाव रोज खाता येतो. चांगला वाटाड्या ही गोष्ट पाच मिनिटांत सांगेल आणि ऐकणारा ती जन्मभर विसरणार नाही. वर्गात हाच इतिहास पाठ करायला आपल्याला किती दिवस लागतात!

कल्याणमध्ये तर अशा गोष्टींची खाणच आहे. मुंबईहून पहिली आगगाडी १६ एप्रिल १८५३ रोजी ठाण्यापर्यंत आली आणि पुढच्या वर्षी, १ मे १८५४ रोजी, कल्याणला पोहोचली. पण आगगाडीच्या कितीतरी आधीपासून कल्याण हे बंदर होते. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी एका ग्रीक लेखकाने समुद्री व्यापारावर लिहिलेल्या पुस्तकात कल्याणचा उल्लेख आहे. कान्हेरीच्या लेण्यांतील शिलालेखांत कल्याणच्या दानशूर लोकांचा उल्लेख आहे. जिथे बंदर असते तिथे बाहेरची माणसे येतात, आणि माणसांबरोबर त्यांच्या चुलीही येतात.

याच कल्याणात खिडकी वडा प्रसिद्ध आहे. १९६० नंतरच्या दशकात एका कुटुंबाने आपल्या राहत्या घराच्या खिडकीतून बटाटेवडे विकायला सुरुवात केली. दुकान नव्हते, पाटी नव्हती. खिडकी हीच पाटी झाली आणि तेच नाव कायम राहिले. कल्याणात आलेला पाहुणा हा वडा खातो, वाहवा करतो आणि परत जातो. दूधनाक्यापर्यंत तो जात नाही. दूधनाका म्हणजे दुधाच्या व्यापारावरून नाव पडलेली जुनी वस्ती. कल्याण, भिवंडी, ठाणे या पट्ट्यात कोकणी मुसलमानांची जुनी घराणी आहेत. त्यांच्या घरी सांदण होते. तांदळाच्या रव्यात नारळाचे दूध घालून ते वाफवतात. कोकणातल्या हिंदू घरांतही सांदण होते. तिथे त्यात फणसाचा रस घालतात. नाव एक, तांदूळ एक, वाफही एक. तरीही या घरातल्या माणसाला त्या घरातले सांदण माहीत नसते. चाळीस वर्षे कल्याणात राहून दूधनाक्यावर कधी काही न खाल्लेली माणसे भेटतात, आणि दूधनाक्यावर राहून टिळक चौकातला वडा कधी न खाल्लेलीही भेटतात. याला वैर म्हणता येणार नाही. नुसती सवय आहे. पण अशी सवय फार दिवस राहिली की तिची भिंत होते. खाद्यफेरी जर या दोन ठिकाणांना एका संध्याकाळी जोडत असेल, तर तिचे पैसे मला महाग वाटणार नाहीत.

आता माझ्या अटीकडे येतो. वाटाड्या वस्तीतला असावा. बाहेरचा माणूस माहिती पाठ करून सांगू शकतो, पण प्रत्येक जागेची रीत त्याला ठाऊक असतेच असे नाही. रमजानचेच उदाहरण घ्या. मुंब्रा, राबोडी किंवा कल्याण, कुठेही जा. दुपारपासून भजी-समोसे तळणारा माणूस स्वतः रोजा ठेवून असतो. समोर कढई, तेलाचा वास, हातात झारा, आणि तोंडात पाण्याचा थेंबही नाही. अशा वेळी पाहुण्यांनी त्याच्यासमोर उभे राहून खात खात त्याचे फोटो काढावेत, हे बरे दिसत नाही. तो माणूस काही बोलणार नाही, उलट हसून आणखी एक समोसा पुढे करील. पण वस्तीतला वाटाड्या पाहुण्यांना आधीच सांगेल, की मगरिबची अजान होऊ द्या, मग सगळे मिळून खाऊ. आणि त्या दहा मिनिटांच्या थांबण्यातच पाहुण्यांना रोजा म्हणजे काय ते कळेल.

दुसरी गोष्ट अधिक अवघड आहे. आपली शहरे सुधारत आहेत. २०१६ साली ठाणे आणि कल्याण-डोंबिवली या दोन्ही शहरांची केंद्र सरकारच्या स्मार्ट सिटी योजनेत निवड झाली. रस्ते रुंद व्हावेत, तलावांचे काठ स्वच्छ व्हावेत, स्थानकाबाहेर चालायला जागा असावी, हे कोणाला नको आहे? ठाण्याच्या तलावपाळीवर संध्याकाळी फिरायला कोणाला आवडत नाही? पण वस्ती सुधारताना पहिली उचलली जाते ती चूल. भेंडी बाजारात सुमारे साडेसोळा एकर जागेवरच्या सुमारे २५० जुन्या इमारतींच्या जागी नव्या इमारती उभारण्याचे मोठे काम चालू आहे. त्यासाठी २००९ साली एक ट्रस्ट स्थापन झाला. तिथल्या रहिवाशांना आणि दुकानदारांना त्याच भागात नवी जागा देण्याची ही योजना आहे, आणि ती चांगली गोष्ट आहे. मात्र ज्याचे दुकान म्हणजे चार चाकांची गाडी, त्याने कोणत्या जागेवर हक्क सांगायचा? हा प्रश्न एका भेंडी बाजारापुरता नाही. तो प्रत्येक शहरात उभा राहतो.

आपल्याकडे तो स्थानकाबाहेर उभा राहिला. २९ सप्टेंबर २०१७ रोजी मुंबईत एल्फिन्स्टन रोड स्थानकाच्या पुलावर चेंगराचेंगरी होऊन २३ माणसे दगावली. त्यानंतर १ नोव्हेंबर २०१७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने सांगितले, की रेल्वे स्थानकापासून १५० मीटरच्या आत फेरीवाल्यांना बसता येणार नाही. या नियमामागचे कारण कोणीही नाकारू शकत नाही. गाडीतून उतरलेल्या हजारो माणसांना बाहेर पडायला वाट हवीच. पण २०१४ सालचा फेरीवाल्यांचा कायदाही याच देशाचा आहे. तो सांगतो, की आधी शहरातल्या फेरीवाल्यांची पाहणी करा, आणि ती पुरी होईपर्यंत कोणाला हटवू नका. जागा ठरवण्यासाठी समिती नेमा आणि त्या समितीत निदान ४० टक्के सभासद फेरीवाल्यांनी निवडून दिलेले असू द्या. माझ्या मते १५० मीटरचा नियम आपण फार लवकर शिकलो आणि ४० टक्क्यांचा नियम शिकायला फार वेळ लावत आहोत. उठवलेला माणूस जातो कुठे? एक तर तो मागच्या गल्लीत बसतो, नाही तर धंदा सोडतो. मग उरतात स्वच्छ फरशा, दिव्यांचे शोभिवंत खांब आणि काचेची दुकाने. तिथे वाटाड्या पाहुण्यांना काय दाखवणार? इथे पूर्वी एक भेळवाला बसत असे, एवढेच तो सांगू शकेल. खाद्यफेरीला फेरीवाला लागतोच!

काही लोक म्हणतात, रस्त्यावरचे खाणे अस्वच्छ असते. काही ठिकाणी असते, हे खरे आहे. त्यावर उपाय म्हणजे नळाचे पाणी, झाकणाची बालदी, कचऱ्याचा डबा आणि परवाना. हे सारे महापालिका देऊ शकते. खाद्यफेरीचा इथेही उपयोग आहे. आठवड्यातून दोनदा पाहुणे येणार असे कळले, की गाडीवाला आपणहून फडके बदलतो.

फेऱ्या काढणारे लोक नेहमी प्रसिद्ध ठिकाणांची यादी करतात, आणि ही गोष्ट मला खटकते. डोंबिवलीचेच पाहा. डोंबिवली म्हटले की फडके रोड आणि दिवाळीच्या पहाटेची तरुणांची गर्दी सगळ्यांना आठवते. पण डोंबिवलीचे खरे खाणे संध्याकाळी सात-आठच्या सुमारास पाहावे. मुंबईतल्या कचेऱ्यांतून सुटलेल्या बायका गर्दीच्या गाडीतून उतरतात आणि घरी जाताना पोळी-भाजी केंद्रावर थांबतात. कोणी मोजून पोळ्या घेते, कोणी पाव किलो भाजी, तर कोणी नुसती चिरलेली भाजी. आतमध्ये दुसऱ्या बायका दुपारपासून कणीक मळत, लाटत, भाजत असतात. एका बाईची पोळी दुसऱ्या बाईचा एक तास वाचवते आणि पहिलीच्या घरचा खर्च भागवते. या पोळीला कोणी प्रसिद्ध म्हणत नाही. तिचा फोटो कोणी काढत नाही. माझी फेरी असती तर मी पाहुण्यांना इथे सर्वांत जास्त वेळ थांबवले असते, आणि गरम पोळीवर तूप लावून दिले असते.

असा वाटाड्या कोठून आणायचा? तुमच्या वर्गातच तो बसला आहे. तुम्हांला दुकानाची उर्दू पाटी वाचता येते आणि बाहेर उभ्या असलेल्या पाहुण्याला तिचा अर्थ मराठीत सांगता येतो. ही दोन्ही कामे एकाच माणसाला जमणे सोपे नसते. सुरुवातीला पैसे घेऊ नका. आपल्याच शहरातल्या एखाद्या मराठी शाळेच्या वर्गाला बोलवा. सकाळची फेरी असेल तर दूधनाका, संध्याकाळची असेल तर तलावपाळी. तीन ठिकाणे पुरेत. प्रत्येक ठिकाणी मालकाला आधी विचारून घ्या, गर्दीची वेळ टाळा आणि पदार्थाची पूर्ण किंमत द्या. शाळेची मुले म्हणून फुकट मिळाले, तरी घेऊ नका. पदार्थ कोणाकडून शिकला, सामान कुठून येते, पाऊस आला की गाडी कुठे उभी करता, हे विचारा आणि लिहून ठेवा. पुढच्या वर्षी त्या मराठी शाळेच्या मुलांनी तुम्हांला त्यांच्या गल्लीत न्यायचे.