मूठभर शेंगदाण्यांमागचे हात

खारे दाणे खात प्रवास केला नाही, असा माणूस विरळाच! पण ही शेंग बाजारात आणण्यासाठी एके काळी किती हात राबत, याची कल्पना थोड्यांनाच असते. अमेरिकेतल्या व्हर्जिनिया राज्याचेच उदाहरण घ्या.

भुईमूग मूळचा दक्षिण अमेरिकेतला. व्हर्जिनियात बराच काळ तो डुकरांचे खाद्य आणि गरिबांचे खाणे समजला जाई. १८६१ ते १८६५च्या यादवी युद्धात सैनिकांना त्याची चव लागली आणि मागणी वाढली.

खरी कसोटी काढणीची. भुईमुगाचे फूल जमिनीवर, शेंग मात्र मातीत. घाई केली तर दाणे सुरकुततात. उशीर केला तर आऱ्या तुटून शेंगा जमिनीतच राहतात. वेल उपटून माती झटकली की शेतात उंच खांब रोवत. तळाशी आडव्या फळ्या ठोकून त्यांवर वेल रचत. शेंगा आत, पाला बाहेर आणि वर गवताची टोपी! पावसापासून जपत हे ढीग कित्येक आठवडे वाळत. मग शेंगा हाताने तोडायच्या. या कामात कृष्णवर्णीय स्त्रिया आणि मुले मोठ्या संख्येने असत. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला शेंगा तोडणारे यंत्र आले, तेव्हा कुठे हे कष्ट कमी होऊ लागले.

पोत्यांत भरलेल्या शेंगा कारखान्यात जात. तिथे त्या साफ करून, आकाराप्रमाणे प्रतवारी होई. सरकत्या पट्ट्याजवळ बसलेल्या स्त्रिया खराब माल वेचून काढत. १९०६ साली खाऱ्या दाण्यांचा कारखाना काढणारे इटालियन स्थलांतरित अमेदेओ ओबिची यांनी १९१३मध्ये व्हर्जिनियातल्या सफक गावी, म्हणजे पिकाच्या दारातच, नवा कारखाना उभारला.

वाळवणीची ती काळजी किती मोलाची होती, हे १९६०मध्ये कळले. इंग्लंडमध्ये बुरशी लागलेली शेंगदाण्याची पेंड खाऊन एक लाखाहून अधिक टर्की पक्षी मेले. त्यातूनच अफ्लाटॉक्सिन या विषाचा शोध लागला. हे विष माणसाच्या यकृतालाही घातक असते आणि दाणे भाजले तरी पूर्णपणे जात नाही.

म्हणून कुटाला घेण्यापूर्वी दाणे ताटात पसरून निवडावेत. काळपट, सुरकुतलेले, बुरशी आलेले दाणे बाजूला काढावेत आणि कडू लागलेला दाणा गिळू नये. उरलेले दाणे कोरड्या, घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवावेत.