परका कोण, आपला कोण?

मांडवी व जुवारी या नद्यांमधील तिसवाडी बेट आज पर्यटकांनीं गजबजलें आहे. जुन्या गोंव्यांतील ख्रिस्ती देवालयें १९८६ सालीं जागतिक वारसा ठरलीं. तीं पाहण्यास देशोदेशींचे लोक येतात. कित्येक परदेशी गोंव्यांत बिऱ्हाड करितात, परंतु तेथील भाषेचा एक शब्दही शिकत नाहींत. आणि यजमानांची दृष्टि पाहुण्यांच्या थैलीवर असते. हें आम्हांस शोचनीय वाटतें.

याच बेटावर १५७९ सालीं फादर थॉमस स्टीफन्स हा इंग्रज उतरला. पुढील सुमारें चाळीस वर्षें त्यानें गोंव्यांतच वेंचिलीं. तेथील लोकांची बोली शिकून त्यानें तिचें व्याकरण रचिलें, आणि १६१६ सालीं मराठी ओव्यांत ‘क्रिस्तपुराण’ प्रसिद्ध केलें. पुढें १६८४ सालीं पोर्तुगीज सत्तेनें कोंकणी टाकून देण्याचा हुकूम काढिला. तो हुकूम लयास गेला. परक्यानें प्रेमानें शिकलेली भाषा मात्र टिकली.

विद्यार्थ्यांनो, आपल्या तालुक्यांत पेडगांवचा किल्ला व भीमातीरींचीं मंदिरें पाहण्यास कोणी परदेशी आल्यास त्याचें स्वागत मराठींत करा, त्यास चार शब्द शिकवा. आणि पालकहो, आपल्याच मुलांस मराठी बोलण्याची लाज वाटूं लागली, तर पाहुण्यानें ती कां शिकावी?