सातबारा, रिश्ता आणि रक्ताचा रिपोर्ट

मे महिना आला की रत्नागिरीत आंबा आणि निकाह एकदमच पिकतात. सौदी, दुबई, कुवेतची मुले सुट्टीवर येतात आणि रिश्त्यांची बोलणी सुरू होतात. अशाच एका बैठकीत आम्ही बसलो होतो. मुलगा मुलीच्या फुफूचा. एक बुजुर्ग म्हणाले, "मुलगीही घरात राहील आणि कलमंही." सगळे हसले, पण बोलणे खरे होते.

सूरह निसाने मुलीला बापाच्या मालमत्तेत वाटा दिला. मुलगी परक्या घरात गेली की वाटा तिकडे जातो. नात्यात दिली की सातबारा शाबूत राहतो. (मुलीला वाटाच न देणाऱ्या घरांना हा हिशोब करावा लागत नाही, तो विषय वेगळा.) हे आपल्यातच आहे असेही नाही. मामाची मुलगी करण्याची चाल मराठी हिंदू समाजातही आहे. इरावती कर्व्यांनी तिच्याविषयी लिहिले आहे. शरियतमध्ये असा निकाह जायज आहे, फर्ज नाही.

आता रक्ताचा हिशोब. चुलत-मामे भावंडांची सरासरी आठवा हिस्सा जनुके समान असतात. थॅलेसेमियाचे जनुक आईबापांपैकी एकाकडूनच आले तर माणूस धडधाकट राहतो, त्याला वाहक म्हणतात. भारतात शंभरात तीन-चार जण वाहक आहेत. नवराबायको दोघेही वाहक असले तर प्रत्येक गरोदरपणात चारांत एक धोका असतो. अशा मुलाला दर तीन-चार आठवड्यांनी रक्त चढवावे लागते, शरीरात साचणारे लोह काढायला औषधे लागतात, तीही जन्मभर. आजोबांच्या रक्तात ते जनुक असेल तर दोन नातवंडांत ते एकत्र येण्याचा संभव वाढतो.

घाबरवण्याचा आमचा हेतू नाही. इंग्लंडमधील ब्रॅडफर्डच्या २०१३ च्या अभ्यासात चुलत-मामे भावंडांच्या मुलांत जन्मजात दोष शंभरात तीनऐवजी सहा निघाले. म्हणजे चौऱ्याण्णव मुले ठीकच होती.

खरी अडचण मनाची आहे. आपली मुले जिथे कमावतात त्या सौदीत २००४ पासून निकाहाआधी रक्ततपासणी सक्तीची आहे. लग्न करायचे की नाही, हे मात्र जोडप्यावर सोडले आहे. पहिल्या वर्षी धोका कळूनही शंभरातल्या नऊच जोडप्यांनी रिश्ता सोडला. बोलणी पक्की, दावती ठरलेल्या, मग माघार कोण घेणार? २००९ पर्यंत हे प्रमाण निम्म्याच्या वर गेले. आमच्या मते तपासणी शब्द देण्याआधीच हवी. हॉल बुक झाल्यावर आलेला रिपोर्ट कुणी वाचत नाही.

त्या बैठकीत आम्ही हे बोललो, तेव्हा मुलीची अम्मी हळूच म्हणाली, "रिपोर्टात काही निघालं तर माझ्या पोरीला कोण करील?" मुलाच्या अम्मीला हा प्रश्न पडला नव्हता, हे आमच्या ध्यानात आले. आम्ही सांगितले, वाहक मुलीचा निकाह वाहक नसलेल्या मुलाशी झाला तर त्यांच्या मुलांना हा आजार होत नाही. फार तर काही मुले तिच्यासारखीच वाहक होतील. आणि आधी तपासणी मुलाची करा. तो वाहक नसला तर या आजारापुरता प्रश्नच मिटला, मुलीच्या रक्ताची चर्चा बिरादरीत होणार नाही.

बुजुर्ग गप्प बसले. मुलानेच विचारले, उपाशीपोटी जावे लागते का? लागत नाही, आम्ही म्हणालो. दुसऱ्या दिवशी तो मामूंच्या स्कूटरवरून लॅबमध्ये गेला. रिपोर्ट येईपर्यंत हॉलवाल्याला फोन करायचा नाही, एवढे त्या घरात ठरले आहे.